धुवायचं नाय, रितं करायचं नाय

जव्हारच्या शाळेत नवसूमामांनी पहिली ओळख करून घेतली ती माझ्या छत्रीशी. माझ्याशी नंतर.

मी मुरबाडकडचा. नोकरीवर हजर व्हायला आलो, छत्री हेडमास्तरांच्या दाराशी टेकवली, आत जाऊन कागदावर सही केली आणि बाहेर येऊन बघतो तर खाकी कपड्यांतला एक किडकिडीत माणूस माझी छत्री आडवी धरून तिची मूठ न्याहाळत होता. दागिना पारखायला दिल्यासारखी.

"सर, तुमी धीमे मानूस," तो म्हणाला. "टोक चारी बाजूनं सारखं झिजलंय. नीट टेकत टेकत चालता. पन मूठ चावलीय."

मी मूठ पाहिली. खरंच दातांचे व्रण होते. एसटीची वाट बघताना आपण छत्रीची मूठ चावतो, हे मला त्या दिवसापर्यंत माहीत नव्हतं. बायकोला माहीत होतं. तिने सांगितलं नव्हतं एवढंच.

हे नवसू भोये. शाळेचे शिपाई. शाळेतल्या शिपायाला सगळेच मामा म्हणतात, तसे हेही मामा, पण हेडमास्तरांपासून बालवाडीच्या बाईंपर्यंत सगळे त्यांना जरा जपूनच मामा म्हणायचे. कारण या माणसासमोर काही ठेवायची सोय नव्हती. हेडक्लार्कच्या डब्याचं झाकण एका बाजूला दबलेलं असे. मामा म्हणाले, "हे किल्लीनं उघडतात. रागीट नाय, उतावले." एका बाईंच्या पर्सची चेन नेहमी अर्धी उघडी असायची. "यांचा जीव घरी लागलेला असतो," मामा म्हणाले. बाईंचं लहान मूल सासूकडे होतं, हे आम्हाला नंतर कळलं. मामांच्या घरच्या बोलीत 'ण' आणि 'ळ' फारसे नव्हतेच. त्यांची मराठी शाळेत झाडू मारता मारता शिकलेली होती, पण बोलायला लागले की शाळेतल्या आम्हा मराठीच्या मास्तरांना गप्प बसावं लागे.

जिन्याखाली त्यांची एक खोली होती. तिच्यात एका दांडीचे चष्मे, फुटक्या काचेचा कंदील, एसटी कंडक्टरचं जुनं चामडी पाकीट, वेगवेगळ्या पायांच्या वहाणा असं काहीबाही टांगलेलं असायचं. नव्या माणसाला तो भंगाराचा ढीग वाटे. मलाही वाटला होता. पहिल्या स्नेहसंमेलनात माझा गैरसमज दूर झाला.

मी एक एकांकिका लिहिली होती. तिच्यात एक म्हातारा पोस्टमन होता. नाटकात लागणाऱ्या सामानाला नाटकवाले प्रॉपर्टी म्हणतात. मी मोठ्या हौसेने बाजारातून नवी कोरी खाकी पिशवी आणली. मामांनी ती हातात घेतली, उलटी केली, पुन्हा सुलटी केली.

"सर, हा पोस्टमन कालच नोकरीला लागला काय?"

"नाही हो. निवृत्तीला आलाय."

"मंग ही पिशवी कोनाची?"

दुसऱ्या दिवशी त्यांनी जिन्याखालून एक वहाणांचा जोड आणला. डाव्या पायाची टाच पार झिजून गेलेली, उजवी धडधाकट. सांगितलं, "इथला जुना पोस्टमन, तीस वर्सं डाव्या पायानं सायकलीवरून उतरला तो. त्याच्याच हायेत." पोस्टमनचं काम करणारा मुलगा तोवर म्हाताऱ्यासारखं चालायचं म्हणून कमरेत वाकून कुत्र्यासारखा लंगडत होता. त्याने त्या वहाणा घातल्या आणि त्याचा डावा खांदा आपोआप जरासा खाली गेला. मी काहीच सांगितलं नाही. प्रेक्षकांत बसलेल्या पोस्टमास्तरांनी त्यांच्या जुन्या माणसाला चालीवरून ओळखलं आणि मोठ्याने त्याचं नाव घेतलं. माझ्या संवादांना एवढी दाद अजून कोणी दिलेली नाही. मला थोडा हेवाही वाटला, खोटं कशाला बोलू.

वस्तू गोळा करण्याचा मामांचा एक दंडक होता. आपल्याकडे कुणी काही मागायला आलं की बायका ते आधी घासूनपुसून, लखलखीत करून देतात. दुसऱ्याच्या घरी मळकं भांडं कसं पाठवायचं, ही लाज. मामांना नेमकं तेच नको असे. दारात उभे राहून ते पहिलं वाक्य हेच बोलत, "धुवायचं नाय, रितं करायचं नाय. जसं हाय तसं द्या." तेलाच्या बुधलीत तळाला तेल हवं, तंबाखूच्या बटव्यात चिमूटभर तंबाखू हवी. आणि ज्याची वस्तू त्याच्याच जुन्या कपड्याची एक चिंधी ते तिला बांधत. वहीबिही काही नाही. चिंधी बघितली की घर आठवायचं.

हा दंडक एकदा त्यांच्यावरच उलटला. ती गोष्ट सांगायची म्हणूनच मी हे लिहायला बसलो आहे.

नव्वदच्या दशकाच्या अखेरची गोष्ट. जव्हारचा भाग तेव्हा ठाणे जिल्ह्यातच होता. वावर-वांगणीच्या मुलांच्या कुपोषणाने झालेल्या मरणाच्या बातम्या येऊन गेल्यापासून जव्हार-मोखाड्याला कॅमेरेवाल्यांची वर्दळ सुरू झाली होती. ते यायचे, एखाद्या झोपडीत शिरायचे, पालथ्या घातलेल्या मडक्याचा फोटो काढायचे आणि जायचे. मामांचं गाव मोखाड्याकडचं पोशेरा. एकदा त्यांच्या भावजयीने घासून वाळत घातलेली भांडी अशीच पेपरात छापून आली, खाली 'रिकामी भांडी' असं लिहून. त्या दिवशी त्यांना मी पहिल्यांदा चिडलेलं पाहिलं.

"आमच्या घरात काय नाय, ते समदे बगतात," ते म्हणाले. "काय हाय, ते कोनी बगत नाय."

अशात एका मे महिन्यात मुंबईहून सिनेमावाले आले. खरा सिनेमा, ट्रकभर सामान आणि पन्नासेक माणसं. शाळेला सुट्टी होती, म्हणून सामान ठेवायला आमचे दोन वर्ग दिले आणि वर्गांबरोबर मामाही दिले. शूटिंग पोशेऱ्याला, एका पाड्याच्या कडेला. तिथे त्यांनी एक झोपडी उभारली होती. गोष्ट अशी की, नवरा मजुरीला भिवंडीकडे गेलेला, बाई एकटी घर धरून राहिलेली, शेवटी नवरा दारू पिऊन परत येतो आणि काठीने घरातलं सगळं झोडपून काढतो.

त्या झोपडीची मांडणी शुभाताईंकडे होती. कलादिग्दर्शक. पन्नाशीच्या आसपास, केस आखूड, कमरेला हातोडी. त्यांनी मुंबईहून एकसारखी बारा मडकी आणली होती आणि घर मुद्दाम ओकंबोकं ठेवलं होतं. मामा दारात उभे राहिले. आत गेलेच नाहीत.

"काय मामा, आवडलं नाही?"

"ताई, ही बाई इथं राहते का घर सोडून गेली?"

"गरीब आहे ती."

"गरीब हाय म्हनून तर घर भरलेलं पायजे. टाकून काय देईल ती? तुटकं सूप ठेवील, फाटकं इरलं ठेवील, नवऱ्याचा कोयता ठेवील. तुमच्या घरात फेकायला जागा असते. आमच्या घरात ठेवायला."

दुसरं कुणी असतं तर शिपायाचं बोलणं हसून सोडून दिलं असतं. शुभाताई वेगळ्या होत्या. त्यांनी हातोडी कमरेला खोचली आणि म्हणाल्या, "चला, दाखवा."

पुढचे चार दिवस ती दोघं पाड्यावर घरोघर फिरत होती. सुट्टीत मला काही काम नव्हतं, बायको मुरबाडला गेलेली, म्हणून मीही मागे मागे. त्या फिरण्यात मला जे शिकायला मिळालं ते बी.एड.ला मिळालं नव्हतं. मामा कोयता उचलत आणि शुभाताईंच्या हातात देत. "आधी मूठ बगा. कोनत्या हाताचा?" ताई चुकत, पुन्हा बघत. तिसऱ्या दिवशी त्यांनी एक कोयता हातात घेतल्या घेतल्या सांगितलं, "डावखुरी बाई. आणि उंचीने लहान." मामा इतके खूश झाले की त्यांनी तो कोयता मलाही पकडायला लावला. मला काहीच कळलं नाही. मामांनी माझ्याकडे दयेने पाहिलं.

चुलीच्या वर काय टांगायचं, हा शेवटचा प्रश्न होता. मामांनी सांगितलं की दुधीचा वाळका तुंबा पाहिजे. त्यात बियाणं ठेवतात, तोंड शेणाने लिंपतात आणि चुलीवर टांगतात. "धूर लागला नाय तर कीड लागते. जिथं तुंबा हाय तिथं पुढच्या सालाचा भरवसा हाय. बाई घर धरून का ऱ्हायली, ते बोलायची गरज नाय." शुभाताईंनी हे वहीत लिहून घेतलं.

तुंबा मिळाला ठकीबाईकडे. ठकीबाई म्हणजे मामांची लांबची आत्या, एकटी बाई, सत्तरीची. माळावरचा एक तुकडा स्वतः पेरायची, स्वतः कापायची. मामा दारात गेले आणि सवयीने म्हणाले, "धुवायचं नाय, रितं करायचं नाय. जसा हाय तसा दे." ठकीबाईने तुंबा काढून दिला. मामांनी तिच्या हिरव्या लुगड्याची चिंधी फाडून त्याला बांधली. मीच तो झोपडीत नेऊन टांगला. चांगला जड होता. पण मला मास्तराला काय कळणार, रिकामा तुंबा किती वजनाचा असतो ते?

शूटिंग संपलं. ट्रक भरले, गेले. मामांनी उसन्या वस्तू परत द्यायला सुरुवात केली. आपल्याकडे भांडं रिकामं परत करत नाहीत, म्हणून सिनेमाच्या मॅनेजरकडून त्यांनी तांदूळ मागून घेतले होते आणि प्रत्येक भांड्यात मूठ मूठ घालून ते देत होते. सूप गेलं, मातीची तवली गेली, इरलं गेलं, डावखुऱ्या बाईचा कोयता गेला. आम्ही ठकीबाईच्या दारात पोचलो तेव्हा आमचे हात रिकामे होते. तुंबा सापडत नव्हता. चुलीबरोबरचं सगळं सामान हमालांनी सरसकट ट्रकात भरलं होतं.

"ताई चांगली हाय, पाठवून देईल," मामा म्हणाले. "तोवर माझ्याकडचा दुसरा तुंबा देतो तुला."

ठकीबाई त्यांच्याकडे बघतच राहिली. "आन् माझा बी?"

"कसला बी?"

"नागलीचा. तुंब्यातला."

मामा मटकन ओट्यावर बसले. "आत्ये, तू बी काढून नाय घेतलास?"

"तूच सांगलास ना, रितं करायचा नाय म्हनून!"

पेरणीच्या आधी घरचं बियाणं घराबाहेर जात नाही. पाड्यावरचं लेकरूही हे जाणतं. त्यामुळे तिने बी काढून घेतलं असणार, हे मामांनी गृहीत धरलं होतं. आणि नवसू शाळेत असतो, त्याला सगळं कळतं, तो रितं करू नको म्हणतो म्हणजे त्यामागे काहीतरी असणार, हे तिने गृहीत धरलं होतं. "तीन घरां पल्याड तं न्यायचा होता," ती म्हणाली. "तो काय बाहेर झाला?" तिने कुणाला शिवी दिली नाही, रडली नाही. नुसती चुलीवरच्या रिकाम्या दोरीकडे बघत राहिली. तिचा राब, रोपांसाठी पालापाचोळा जाळून केलेला वाफा, तयार होता. मृग लागायला आठ दिवस होते.

मामांनी आपल्या घरची नागली, म्हणजे नाचणीच, देऊ केली. ती नको म्हणाली. तिच्या माळावर तिच्या सासूपासूनचं तेच बी चालत आलं होतं, आणि दुसऱ्याच्या दारात बी मागायची वेळ तिच्यावर कधी आली नव्हती. नवऱ्यामागे पंचवीस वर्षं एकटीने काढली होती तिने, ती त्या तुंब्याच्या जोरावर. हे तिने सांगितलं नाही. मामांनी मला पाड्यावरून उतरताना सांगितलं. "सर, माझ्या जिभेनं गेलं तिचं बी. आन् त्यो दारूवाला अजून ऱ्हायलाय."

मला लगेच कळलं नाही. मग आठवलं. काठीने घर झोडपण्याचा प्रसंग इथे झालाच नव्हता. तो मुंबईच्या स्टुडिओत तीच झोपडी पुन्हा उभारून गुरुवारी घ्यायचा होता. आणि चुलीवर टांगलेला तुंबा फुटतो, हे त्या प्रसंगात होतंच. नागलीचा दाणा केवढा, मोहरीपेक्षा बारीक. स्टुडिओच्या जमिनीवर सांडला की झाडूनेच गोळा व्हायचा.

तो मंगळवार होता. जव्हारच्या एसटीडी बूथवरून आम्ही स्टुडिओला फोन लावत राहिलो. एकदा घंटी वाजत राहिली, एकदा कुणी उचलून "शूटिंग चालू है" म्हणून ठेवून दिला. बुधवारीही तेच. गुरुवारी पहिल्या ठाणे गाडीने आम्ही निघालो. मामा तोवर भिवंडीच्या पलीकडे गेलेले नव्हते. शाळेचा खाकी ड्रेस त्यांनी मुद्दाम घातला होता, सरकारी माणूस वाटावा म्हणून.  वाटभर मी छत्रीची मूठ चावत होतो, आणि ते त्यांनी पाहिलं नाही, यावरून काय ते समजा.

ठाण्याहून घोडबंदरच्या रस्त्याने दुसरी बस, मग रिक्षा. स्टुडिओच्या फाटकावर पहारेकऱ्याने अडवलं. "किससे मिलना है?"

मामांनी छाती पुढे काढली. "हमारा तुंबा इधर आया है."

"किस पिक्चर में काम करता है?"

"काम नहीं करता. उसको मारनेवाले हैं!"

पहारेकरी घाबरला की काय कोण जाणे, पण त्याने आम्हाला सोडलं. एका भल्या मोठ्या शेडच्या दारावर लाल दिवा लागला होता. तिथल्या माणसाने तोंडावर बोट ठेवलं. दाराच्या फटीतून आत दिसलं ते पोशेऱ्याचं घर, जसंच्या तसं. चूल, सूप, फाटकं इरलं. आणि चुलीच्या वर, हिरव्या चिंधीचा तुंबा.

नवरा झालेला नट काठी घेऊन आत शिरला. मामांनी माझा दंड धरला. ओरडावं की नाही, हे ठरायच्या आत काठी फिरली, मडकं गेलं, दुसरं गेलं आणि तिसऱ्या फटक्याला तुंबा फुटला.

त्यातून लाकडाचा भुसा पडला.

मला आधी काही उमजेना. मामा मात्र माझा दंड सोडून पुढे वाकून बघत होते. लाल दिवा विझल्याबरोबर ते आत घुसले, जमिनीवरचा एक तुकडा उचलला, आतून बाहेरून पाहिला. "हा दुधीच नाय," ते म्हणाले. "हा कागदाचा लगदा हाय. रंगवलाय."

"मग काय खरा फोडू देईन का, मामा? सूप, इरलं, तुंबा, सगळ्याच्या नकला करून घेतल्यात." मागून आवाज आला. शुभाताई होत्या. आम्हाला बघून त्यांना आनंद झाला होता, पण आश्चर्य त्याहून जास्त. "तुम्ही इथे कसे? माझं पत्र मिळालं ना?"

पत्र शाळेच्या पत्त्यावर गेलं होतं. शाळेला सुट्टी. ते आम्हाला पुढे जूनमध्ये ऑफिसच्या दाराखाली सापडलं.

"ट्रकातून सामान उतरवताना तुंबा हातात आला," शुभाताई सांगत होत्या. "तुम्ही शिकवलंत ना, वस्तू हातात घेतली की ही कोणाची, हे आधी विचारायचं. तोंडाचं लिंपण बघितलं. शेण कसं नीट दाबलंय, पाची बोटांचे ठसे उमटलेत. म्हटलं, रिकामा तुंबा इतकं जपून कोण बंद करेल? कानाशी धरून हलवला. आत बी वाजलं."

"कुठं हाय?" मामांना एवढंच विचारायचं होतं.

त्या आम्हाला घेऊन गेल्या कँटीनमध्ये. मागच्या बाजूला चहाची लाकडांची भट्टी होती, छत काळंकुट्ट. भट्टीच्या वर, हाताला लागणार नाही अशा उंचीवर, तारेला ठकीबाईचा तुंबा लोंबत होता. हिरव्या चिंधीसकट.

"धूर लागला नाही तर कीड लागते म्हणाला होतात ना," शुभाताई म्हणाल्या. "अख्ख्या स्टुडिओत धूर इथेच होता."

कँटीनवाल्याने स्टुलावर चढून तो काढून दिला. मामांनी दोन्ही हातांनी घेतला, लिंपण तपासलं, कानाशी नेला आणि हळूच हलवला.

"हाय," ते म्हणाले.

 तीन दिवस छातीवर बसलेलं काहीतरी उठून निघून गेलं आणि मी तिथल्या बाकावर बसून मोठ्याने हसायला लागलो. मामा उभेच होते. मग त्यांनी कँटीनवाल्याला चहा मागितला, एकामागून एक तीन ग्लास प्याले आणि तिसऱ्यानंतर शुभाताईंना वाकून नमस्कार केला. त्यांनी घाईघाईने त्यांचे हात धरले. "अहो मामा, हे काय? तुमचीच विद्या."

परतीच्या गाडीत मामांनी तुंबा मांडीवर दोन्ही हातांनी धरला होता. विक्रमगडला कंडक्टर म्हणाला, वर फळीवर ठेवा. मामा म्हणाले, "याचं तिकीट काढतो, पन वर ठेवत नाय."

ठकीबाईने लिंपण आमच्यासमोर फोडलं. पेरायच्याच दिवशी, राबाच्या कडेला बसून. दाणे तळहातावर घेतले, हुंगले आणि नाक मुरडलं.

"नवसू, याला चायचा वास येतो रं."

पेरून झालं. आता खरी परीक्षा होती, कारण ते बी ट्रकात तापलं होतं, भट्टीवर शेकलं होतं. उगवण्याचा जीव त्यात उरला होता की नाही, कोणाला ठाऊक? मामांनी पुन्हा एकदा आपलं बी देऊ केलं. ठकीबाई म्हणाली, "उगवला तं माझा, नाय उगवला तरी माझा." मामा तिसऱ्या दिवसापासून रोज पोशेऱ्याला जायला लागले. शाळा सुरू झाली होती. सकाळची घंटा हेडक्लार्कला द्यायला लावून हा माणूस मोखाड्याच्या गाडीत. हेडमास्तरांनी विचारलं तर मी खोटं सांगितलं की त्यांच्या घरी आजारपण आहे. फारसं खोटं नव्हतं ते.

पुढच्या रविवारी मी त्यांच्याबरोबर गेलो. मामा बांधावरूनच थबकले. काळ्या राखेवर हिरवी लव आली होती. विरळ नाही, चांगली दाट. मामा उकिडवे बसले आणि एकही रोप न दुखावता त्यावरून तळहात फिरवत राहिले. ठकीबाई पलीकडे उभी होती. "बगतोस काय," ती म्हणाली, "तुझा सिनेमा उगवलाय." त्या पाड्यावर ती नागली पुढे चायवाली नागली म्हणूनच ओळखली जाऊ लागली. मी तिची भाकरी खाल्ली आहे. चहाचा वास काही येत नाही.

तो सिनेमा दोन-तीन वर्षांनी टीव्हीवर लागला. शाळेतल्या टीव्हीवर आम्ही सगळ्यांनी मिळून पाहिला. बायका नटीसाठी रडत होत्या. मामांचं लक्ष गोष्टीकडे नव्हतंच. "ते सूप सावळ्याच्या घरचं. ती तवली माझ्या भावजयीची. पालथी नाय, बगा, सुलटी हाय." काठीने तुंबा फुटला तेव्हा सगळे हळहळले आणि मामा एकटे खुशीत हसले.

एक सवय मात्र त्यांची त्या उन्हाळ्यापासून बदलली. धुवायचं नाय, रितं करायचं नाय, हे ते म्हणतच राहिले, पण त्याच्यापुढे आणखी एक प्रश्न जोडला गेला. वस्तू हातात घेण्याआधी ते ती कानाशी धरत, हलवत आणि विचारत, "आत काय हाय?" उत्तर मिळाल्याशिवाय दारातून हलत नसत. मग ती संमेलनासाठी मागितलेली पेटी असो, नाहीतर बाईंनी घरी पोचवायला दिलेला डबा असो. नव्या शिक्षकांना हे विक्षिप्त वाटायचं. आम्ही जुने आत काय आहे ते आधीच सांगून टाकत असू.

मी त्यांना शेवटचं पाहिलं ते त्यांच्या निरोप समारंभात. मलाही त्याच महिन्यात शहापूरला बदली मिळाली होती. दुपारी शाळेच्या पटांगणात कार्यक्रम झाला, भाषणं झाली. माझं जरा लांबलंच. शेवटी हेडमास्तरांनी शाल घातली, नारळ दिला आणि चकचकीत कागदात बांधलेला एक खोका पुढे केला. मामांनी हात पुढे केला आणि मागे घेतला. मग वाकून खोक्याला कान लावला.

"सर, आत काय हाय?"

सगळं पटांगण हसलं. नवे हेडमास्तरही हसले. "घरी जाऊन उघडा, मामा. भेट आहे ती."

"नाय सर. आधी सांगा. मंगच घेईन."

लोक अजून हसत होते. पाहुण्यांच्या मागच्या रांगेत ठकीबाई बसली होती, नवं लुगडं नेसून पोशेऱ्याहून आलेली. ती हसत नव्हती. मीही नाही. हेडमास्तरांना काय वाटलं कोण जाणे, त्यांनी माइक बाजूला केला आणि मामांच्या कानाशी वाकून हळूच सांगितलं. मामांनी मान हलवली आणि खोका दोन्ही हातांनी घेतला.

मोखाड्याच्या गाडीत त्यांना खिडकीची जागा मिळाली. शेजारी ठकीबाई. गाडी वळली तेव्हा मला दिसलं, शाल, नारळ, हार सगळं वर फळीवर ठेवलेलं होतं. खोका तेवढा मांडीवर होता.